कंदील कोणी विझवला?

गुरुदासमास्तर पेडणेकर शाळेत इतिहास शिकवत, पण लिहीत ते राजांवर नाही, लोकांच्या चुलीवर. बासष्टच्या लढाईत मालवणच्या बायकांनी घामाघूम होत सैनिकांसाठी स्वेटर विणले, ते त्यांनी साप्ताहिकात लिहिलं. संरक्षण निधीत कोणाची सोन्याची पाटली खुशीने गेली आणि कोणाची शेजाऱ्यांच्या लाजेने, तेही लिहिलं. झालं! मास्तर चहाच्या दुकानात शिरले की बाकं रिकामी. त्यांना त्याचं दुःख नव्हतं; खरं सांगायचं तर थोडा अभिमानच होता.

सहासष्टच्या उन्हाळ्यात ते गंगारामवर लिहायला बसले. आदल्या सप्टेंबरात, पाकिस्तानशी लढाई चालू असताना, ब्लॅकआउटच्या दिवसांत, गंगारामची होडी खडपावर, पाण्यातल्या खडकावर, फुटून तो बुडाला होता. त्याच्या दारातल्या बांबूवर रोज तिन्हीसांजेला कंदील चढायचा आणि त्याची सीध धरून होड्या खडपांमधून आत यायच्या. त्या दिवशी कंदील कोणीतरी विझवला होता. मास्तरांनी लिहिलं, हा माणूसही लढाईतच मेला, आणि साहेबी हुकमाने मेला. आता फक्त साहेबाचं नाव हवं होतं. गावात कोणी सांगेना. सगळे भितात, असं मास्तरांनी ठरवूनच टाकलं.

शेवटी ते गंगारामच्या बायकोकडे गेले. तुळसा अंगणात सुकट पसरत होती.

"तुळसा, भिऊ नकोस. कंदील विझवायला कोण आला होता?"

"कोण नाय इलो."

"मग?"

"माझ्या चेडवान विझवल्यान. मी बाजारात होतंय."

"तुझ्या पोरीने, यशोदाने? पण का?"

तुळसाने हात झटकले. "का म्हणान माका इचारतास? तुमीच नाय सांगलास वर्गात? दर्यावरसून एक दिवा दिसता नये, दिसलो तर बॉम्ब पडतलो!"

मास्तरांना आठवलं. सांगितलं होतं. टेबलावर हात आपटून सांगितलं होतं. दुसऱ्या दिवशी 'कोणी कोणी दिवे विझवले?' म्हणून मुलांना हातही वर करायला लावले होते. यशोदा मात्र त्या दिवसापासून शाळेत आली नव्हती. हजेरीपटावर त्यांनी कारण लिहिलं होतं, गरिबी.

"आता चेडवाचा नाव छापतलास?" तुळसाने विचारलं. "गाव गप आसा, तां तेच्याचसाठी."

मास्तर घरी आले ते न जेवताच लिहायला बसले. बायकोने, सत्यवतीने, कागद उचलून वाचला. "'गावातील एका शिक्षकाने'? अहो, एका म्हणजे कोणत्या? लोकांच्या पाटल्या मोजताना बरी नावं सुचत होती!"

मास्तरांनी ओळ खोडली आणि स्वतःचं नाव घातलं, आडनावासकट.

दुसऱ्या दिवशी दुपारी कागद साप्ताहिकाकडे धाडण्याआधी ते तो तुळसाकडे घेऊन गेले. यशोदा दाराआड उभी होती. अकरा वर्षांची पोर, पण नजर वर करीना. मास्तरांनी मोठ्याने वाचलं, "दिवे विझवा असे मुलांना मी, गुरुदास पेडणेकर याने, सांगितले. गंगारामच्या मृत्यूचा दोष माझा आहे."

"पण मास्तरांनू," दाराआडून आवाज आला, "फुंकलंय मीयाच."

मास्तर दारापाशीच जमिनीवर बसले, "तुला फुंकायला लावलं ते मी. पुन्हा वाचतो, तू ऐक," म्हणाले आणि पहिल्या ओळीपासून वाचू लागले.