काकू बंदरापलीकडे जातात

आमच्या सातव्या मजल्यावरच्या काकूंना पृथ्वीवरचं एकूण एक बंदर ठाऊक होतं, आणि बंदरापलीकडची पृथ्वी अजिबात ठाऊक नव्हती. सिंगापूरच्या हार्बरफ्रंटला एका जहाज कंपनीच्या कचेरीत मालाची कागदपत्रं करण्यात त्यांचं अख्खं आयुष्य गेलं. त्यामुळे रॉटरडॅमचं नाव निघालं की त्या आदराने मान हलवत, लागोसचं निघालं की कपाळाला हात लावत, आणि चितगावबद्दल तर एखाद्या उनाड पण लाडक्या भाच्याबद्दल बोलावं तसं बोलत. पण रॉटरडॅममध्ये घरं कशी असतात, माणसं काय खातात असं विचारलं, तर त्या म्हणत, "ते मला काय माहीत? आपला माल धक्क्यावर उतरतो. पुढचं पुढच्यांनी बघावं."

बिशानला एचडीबीच्या, म्हणजे सरकारने बांधलेल्या, ज्या इमारतीत आम्ही भाड्याने राहत होतो, तिच्यात मराठी घरं मोजकीच. आणि त्या सगळ्यांच्या त्या काकू होत्या. लग्न त्यांनी केलेलं नव्हतं. काका कुठे असतात, असं एखाद्या नव्या बिऱ्हाडाने विचारलंच, तर "अजून आले नाहीत" एवढंच सांगून त्या लिफ्टचं बटण दाबत. विचारणारा बिचारा काका ऑफिसातून यायचे असतील असं समजून कित्येक महिने त्यांची वाट बघे. ऐन पंचविशीत त्या एकट्या नागपुराहून इथे नोकरीला आल्या होत्या. त्या काळात एकट्या मुलीने सिंगापूरला जाणं म्हणजे काय, हे त्या कधी सांगत नसत आणि आम्हीही कधी विचारलं नाही.

जगात कुणाशीही मराठीत बोलता येतं, यावर त्यांचा गाढ विश्वास होता. इंग्रजी त्यांना उत्तम येई, पण ती ऑफिसची भाषा. ऑफिस सुटलं की इंग्रजीही सुटली. खालच्या हॉकर सेंटरमधल्या, म्हणजे स्वस्त खाण्याच्या गाळ्यांमधल्या, कॉफीवाल्या चिनी आजोबांना त्या सरळ सांगत, "साखर कमी, आणि कालच्यासारखी पाणचट नको." आजोबा आपल्या हॉक्किएन बोलीत काहीतरी पुटपुटत आणि नेमकी तशीच कॉफी पुढे ठेवत. मी एकदा नवल केलं, तर काकू म्हणाल्या की माणूस शब्द ऐकतच नाही, सूर ऐकतो, आणि तक्रारीचा सूर सगळीकडे सारखाच असतो.

माझी आणि त्यांची खरी ओळख झाली ती समीर गेल्यावर. समीर माझा नवरा. आम्ही दोघं रॅफल्स प्लेसला, दोन वेगवेगळ्या बँकांच्या आयटीत. एके दिवशी सकाळी एमआरटीच्या मेट्रोत आम्ही शेजारी उभं राहून गेलो, आणि दुपारी मला हॉस्पिटलमधून फोन आला. त्यानंतरचं वर्ष मी कसं काढलं ते मला नीट आठवत नाही. कामावर जात होते, घरी येत होते. मुलगी विद्यापीठाच्या होस्टेलवर होती. ती आली की हसून दाखवत होते. शेवटी मी ठरवलं की नोकरी सोडायची, फ्लॅट सोडायचा आणि पुण्याला भावाकडे जाऊन राहायचं. तिथे तरी काय करणार होते, याचा विचार मी केला नव्हता. कुठेतरी आत शिरून दार लावून घ्यावं, एवढीच इच्छा होती. घरमालकाला तसं कळवलंही.

हे काकूंच्या कानावर गेलं तसं त्या खाली आल्या. समजूत वगैरे काही घातली नाही. त्या निवृत्त झाल्या होत्या आणि मेक्सिकोतली जुनी स्पॅनिश शहरं दाखवणाऱ्या एका सहलीत त्यांनी नाव घातलं होतं. व्हेराक्रूझ बंदरात त्यांनी आयुष्यभर माल पाठवला. तो डोंगर चढून पुढे जातो तरी कुठे, हे एकदा डोळ्यांनी बघायचं होतं. अडचण एकच, खोलीत दोघींनी राहायचं असल्यामुळे सोबत हवी होती.

"मी फार घोरते," त्या म्हणाल्या. "अनोळखी बाईच्या गळ्यात कसं पडू? तुला तसंही झोप येत नाही. तू चल."

इतकं उघड आणि इतकं व्यवहारी आमंत्रण मला त्या वर्षात कुणी दिलं नव्हतं. मी मुलीला फोन केला, तो तिने नको म्हणावं म्हणून. ती म्हणाली, "गो लाह, आई. घरी बसून व्हॉट फॉर?" माझ्या बाजूने कुणीच उरलं नाही.

टोकियोमार्गे मजल दरमजल करत आम्ही मेक्सिको सिटीला पोचलो. गटात आम्ही दोघी सोडून बाकी सगळे सिंगापूरचे निवृत्त चिनी लोक होते, आणि वाटाड्या होता एर्नेस्तो नावाचा पन्नाशीचा, अतिशय सभ्य गृहस्थ. त्याला आपल्या देशाच्या इतिहासाचा फार अभिमान होता आणि तो सांगताना मध्ये कुणी बोललेलं त्याला खपत नसे. पहिल्याच कॅथीड्रलमध्ये त्याने हात वर करून सोन्याने मढवलेली वेदी दाखवली, आणि सगळ्यांनी श्वास रोखून धरले असताना काकूंनी, प्रश्न मालाचा म्हणून ऑफिसच्या इंग्रजीत, विचारलं, हा एवढा मोठा ऑर्गन बाजा स्पेनहून आला म्हणता, तर तो बंदरापासून इथवर डोंगरातून आणला कसा? अखंड की सुटा करून? एर्नेस्तोने बिशपचं नाव सांगितलं. काकू म्हणाल्या, बिशपने काही उचलला नसेल. हा प्रश्न त्यांनी त्याला प्रत्येक चर्चमध्ये, प्रत्येक कारंज्यापाशी, एका राजवाड्यातल्या झुंबराखालीही विचारला. तिसऱ्या दिवशी सकाळी मी पाहिलं, तर एर्नेस्तो न्याहारीला हातात जाडजूड पुस्तक घेऊन बसला होता. त्या दिवशी बसमध्ये चढल्या चढल्या त्याने स्वतःहून जाहीर केलं की खेचरांवरून, सुटे भाग करून. काकूंनी त्याला असं काही हसून दाखवलं, की त्या क्षणापासून तो त्यांचा झाला.

सिंगापूरच्या सवयी काकूंनी जशाच्या तशा सोबत आणल्या होत्या. आपल्याकडे हॉकर सेंटरमध्ये टेबलावर टिश्यूचं पाकीट ठेवलं की ती जागा आपली, मग खुशाल अर्धा तास रांगेत उभं राहा. काकूंनी भर चौकातल्या झाडाखालच्या बाकावर असं पाकीट ठेवलं आणि त्या मक्याची कणसं आणायला गेल्या. परत येऊन बघतात तो बाकावर एक म्हातारी बसलेली, आणि त्यांचेच टिश्यू काढून नाक पुसते आहे. काकूंनी मराठीत तिला नियम समजावून सांगितला. म्हातारीने सगळं शांतपणे ऐकून घेतलं, बाजूला सरकून जागा केली आणि त्यांच्या कपाळापुढे बोटांनी क्रूस काढून आशीर्वाद दिला. दोघी मग एकेका कणसाला लिंबू आणि तिखट लावत बराच वेळ बोलत बसल्या. काय बोलल्या ते त्यांनाच ठाऊक. परतताना काकूंनी मला सांगितलं की बाईंचे गुडघे दुखतात आणि सून धड बोलत नाही.

एक गोष्ट मात्र मला पहिल्याच मुक्कामात कळली. काकू अजिबात घोरत नसत. उशीला डोकं टेकलं की त्या इतक्या निःशब्द झोपत, की मीच काळजीने त्यांच्या छातीकडे बघायची. मी त्यांना त्याबद्दल काही बोलले नाही. त्यांनीही खुलासा केला नाही.

पुएब्लाला आलो तेव्हा त्या गावाच्या मी प्रेमात पडले. निळ्या-पिवळ्या चिनी मातीच्या टाइल्सनी मढवलेली घरं, त्यांवर ऊन, आणि लांब ज्वालामुखीचा बर्फाळ माथा. एका जुन्या मठाच्या स्वयंपाकघरात तिथला प्रसिद्ध मोले नावाचा रस्सा करून दाखवायला एक बाई बसली होती. तीन पायांचा काळा दगडी पाटा, त्यावर भाजलेल्या सुक्या मिरच्या, तीळ, दालचिनी आणि चक्क चॉकलेट. काकू थोडा वेळ हात मागे बांधून बघत राहिल्या, मग खाली बसल्या आणि त्या बाईच्या हातून वरवंटा काढून घेतला. बाई आधी दचकली आणि मग काकूंचा हात बघून सरळ दुसऱ्या कामाला लागली. चव घेतल्यावर काकू म्हणाल्या, "आपल्या काळ्या मसाल्यात कुणाच्या तरी हातून चॉकलेट पडलं, आणि पडलंच नाही असं सगळ्यांनी मिळून ठरवलं." मी हसले. अगदी थोडंसं, पण काकूंनी ते पाहिलं.

त्याच दुपारी एर्नेस्तो आम्हाला एका चर्चमध्ये घेऊन गेला आणि त्याने एक गोष्ट सांगितली. चारशे वर्षांपूर्वी हिंदुस्थानच्या किनाऱ्यावरून एका लहान मुलीला चाच्यांनी पळवलं. कोचीन, मग मनिला, आणि तिथून गॅलिऑन जहाजाने अख्खा पॅसिफिक ओलांडून तिला या देशात आणून विकलं. पुएब्लातल्या एका घरी ती मोलकरीण म्हणून राहिली. पूर्वेकडून येणारं सगळंच चिनी, म्हणून लोक तिला चिनी म्हणत. ती इथेच म्हातारी झाली, संतिणीसारखा मान मिळवून इथेच गेली, आणि तिला पुरलं ते याच चर्चमध्ये. तिचं खरं गाव कोणतं, हे नक्की कुणालाच माहीत नाही.

आमच्यातले चिनी आजोबा-आजी 'चिनी'वर हसले. काकू हसल्या नाहीत. त्यांनी अगदी हळू विचारलं, मनिलाहून इथवर जहाजाला किती दिवस लागायचे. एर्नेस्तो म्हणाला, चार महिने, सहा महिने, वाऱ्यावर असायचं. काकूंनी मान हलवली. ऑर्गनबद्दल, खेचरांबद्दल एक अक्षर विचारलं नाही. गट पुढे गेला तशा त्या भिंतीजवळ गेल्या, दगडावर तळवा टेकवला आणि आपल्या लेकराशी बोलावं तशा म्हणाल्या, "बाळा, तिकडची माणसं आलीत हं. भेटून जातोय."

त्यानंतर काय झालं ते मला थांबवता आलं नाही. वर्षभर जे आलं नव्हतं ते सगळं आलं. मी तिथल्या बाकावर बसून हुंदके देत रडले, त्या मुलीसाठी की समीरसाठी की स्वतःसाठी, ते वेगळं काढता येण्यासारखं नव्हतं. काकू शेजारी येऊन बसल्या. पाठीवरून हात फिरवणं त्यांच्या स्वभावात नव्हतं. माझं रडणं ओसरेपर्यंत त्या समोर बघत बसून राहिल्या, आणि मग मी न विचारताच बोलल्या.

"तिला परतीचं जहाज नव्हतं, म्हणून राहिली. मला होतं, तरी राहिले. पहिली दोन वर्षं रोज संध्याकाळी धक्क्यावर जाऊन मुंबईची बोट बघायची मी. मग एक दिवस बघायची विसरले." जरा थांबून म्हणाल्या, "तुला तर रोज विमान आहे. ते काही पळून जात नाही. मग घाई कशाला करतेस?"

एर्नेस्तो आम्हाला शोधत आला. भिंतीशी बाई काय म्हणाल्या, असं त्याने मला हळूच विचारलं. मी इंग्रजीत सांगायचा प्रयत्न केला आणि ते जमलं नाही. त्याने टोपी काढून हातात घेतली आणि आम्हाला हवा तेवढा वेळ दिला.

सहलीचं शेवटचं गाव ग्वानाह्वातो. चांदीच्या खाणींवर उभं राहिलेलं, रंगीत घरांचं आणि बोळांचं गाव. दोन माणसं समोरासमोर आली तर एकाने अंग चोरावं इतके अरुंद बोळ. तिथे काकू हरवल्या. वळणावर होत्या, पुढच्या वळणावर नव्हत्या. फोन त्यांनी नेहमीप्रमाणे खोलीवर ठेवला होता. एर्नेस्तो एका बाजूला धावला आणि मी दुसऱ्या. वर्षभर कुणाशी धड न बोललेली मी दुकानात शिरून, दारं ठोठावून, हातवारे करून एका पांढऱ्या केसांच्या, साडी नेसलेल्या आणि स्पोर्ट्स शूज घातलेल्या बाईची चौकशी करत होते. शेवटी लाज सोडून बोळात उभी राहिले आणि ओरडले, "काकू!" माझा एवढा मोठा आवाज मीच विसरले होते. बोळातल्या पोरांना तो शब्द आवडला. तीही "काकू! काकू!" करत माझ्या मागे निघाली, आणि बघता बघता त्या डोंगरावर सगळीकडून काकूंच्या नावाचा घोष सुरू झाला.

एका जांभळ्या घराच्या सज्ज्यातून त्या खाली वाकल्या. हातात कप होता, मागे एक अनोळखी कुटुंब उभं होतं. त्या शांतपणे म्हणाल्या, "ओरडतेस काय? वर ये, कॉफी गरम आहे."

तुम्ही हरवलात म्हणून मी रागावले, तर म्हणाल्या की मी कुठे आहे हे मला ठाऊक होतं. ठाऊक नव्हतं ते तुम्हाला. मी त्या परक्या घराच्या जिन्यावर बसले आणि पोट दुखेपर्यंत हसले. त्या घरच्या बाईने मला कॉफीबरोबर गोड पावही दिला.

परतल्यावर मी घरमालकाला फोन करून फ्लॅट सोडत नसल्याचं सांगितलं. भावाला वाईट वाटलं, मग बरं वाटलं. मी बँकेत राहिले. शनिवारी एकटीने बाहेर जेवायला जायला शिकले. दुःख गेलं नाही, पण त्याच्या शेजारी इतर गोष्टींना जागा झाली. हे सगळं काकूंमुळे झालं असं कुणी म्हटलं असतं, तर त्या म्हणाल्या असत्या की मला फक्त खोलीत सोबत हवी होती.

मग दोन वर्षांनी त्यांची धाकटी बहीण आजारी पडली आणि काकू नागपूरला गेल्या, त्या तिकडच्याच झाल्या. चांगी विमानतळावर मी निरोप द्यायला गेले, तर निरोपाआधीच त्यांनी सुरक्षेवाल्या मलय पोराशी मराठीत हुज्जत घातली आणि जिंकली. त्या गडबडीत बोलायचं ते राहून गेलं.

आता दर रविवारी मी फोन करते. त्यांना हल्ली कमी ऐकू येतं, त्यामुळे बोलतात त्याच. बहिणीचं पथ्य, संत्र्यांचा भाव, शेजारणीच्या मुलाचं लग्न. मागच्या रविवारी मी मध्येच थांबवून, मोठ्याने, एकेक शब्द सुटा करून सांगितलं की काकू, त्या वर्षी तुम्ही मला नेलं नसतं तर मी संपले असते. तुमचे उपकार मी विसरणार नाही. फोन कट झाला की काय, असं मला वाटलं.

मग काकू म्हणाल्या, "काही ऐकू आलं नाही गं. पण तू बोललीस, बरं वाटलं."