पाठीवर पडायचं, घड वर

धरणगाव स्टेशनवर मला सोडायला आलेले आबा, म्हणजे माझे वडील, गाडी हलताना खिडकीशी आले आणि म्हणाले, "तठे पडशी ते पाठवर पडजो." बाकीच्यांचे वडील जपून राहायला सांगतात. मी निघालो होतो सिनेमात मारामाऱ्या करायला, जळगावच्या क्लासात कराटेचा काळा पट्टा मिळवून. पडणार होते ते समोरचे! गाडीत बराच वेळ मी घुश्शात बसून होतो.

आबांचा सल्ला केळीच्या बागेतला होता. खांद्यावर घड घेऊन ओल्या वाटेनं चालताना पाय घसरलाच, तर पाठीवर पडायचं आणि दोन्ही हातांनी घड वर धरायचा. केळ्याला मार लागला की काळा डाग पडतो आणि व्यापारी तो घड बाजूला काढतो. लहानपणापासून आम्ही सगळे तसेच पडत आलो.

मुंबईत पहिल्याच शॉटला हीरोची लाथ आली आणि मी सवयीनं पाठीवर आपटलो, दोन्ही हात वर. हातात काहीच नव्हतं. युनिट पोट धरून हसलं. फाइट मास्टरनं विचारलं, हे कुठं शिकलास, परदेशात? मी हो म्हणून टाकलं.

मग तेच पडणं माझं पोट भरू लागलं. खलनायकाचा उजवा हात झालो, भित्रा हवालदार झालो, ढोंगी बुवा झालो, एका मालिकेत तर चक्क सासू. लाथा मी आजही झकास मारतो, पण पोस्टरवर येतात ते माझे वर केलेले रिकामे हात. लोकांना त्यात एवढं हसण्यासारखं काय दिसतं, याचं मला अजून कुतूहल आहे. त्या हातांत काय असायचं ते त्यांना कुठं माहीत आहे?

त्याहून मोठं कोडं आबांचं. टीव्हीवर मी पडलो की अख्खं घर खिदळतं. आबा तेवढे पुढं सरकून बघतात आणि मला फोन लावतात, "लागनं का रे?" खाली गादी असते, मी समजावतो. पुढच्या सिनेमाला पुन्हा तेच. ज्यांनी मला पडायला शिकवलं त्यांना एकदा तरी हसवायचं, ही एकच हाव मला राहिली होती. त्यापायी मी शेणात पडलो, रेड्यावरून पडलो. फोन आला, प्रश्न तोच. खरं सांगतो, वाईट वाटायचं. आपलं काम आबांना कळतच नाही असं वाटायचं.

यंदा कापणीला गावी गेलो. बागेत घड निघत होते, रस्त्यावर ट्रक उभा होता. सगळे नको नको म्हणत असताना आबांनी एक घड खांद्यावर घेतलाच. ठिबकच्या पाण्यानं वाट निसरडी झाली होती. पाय सटकला आणि आबा पाठीवर पडले, घड वर. थेट माझा शॉट!

मी धावलो. शूटिंगच्या हिंदीत मुरलेली माझी जीभ आपोआप गावच्या बोलीकडे वळली, "लागनं का, आबा?"

आबांनी आधी घड निरखला, मग मला. आणि हसायला लागले, इतके की छातीवरचा घड हलू लागला. "नही रे. पन बठ्ठा लोके तुले हासतस. आते मी पडनू, ते तू का हासना नही?"

सगळे हसतात, मग तूच का नाही? हाच प्रश्न इतकी वर्षं मी आबांसाठी जपून ठेवला होता.

गाव सोडून सुरतेला, पुण्याला, दुबईला गेलेल्या तुम्हा मंडळींना घर म्हणजे काय वाटतं, मला ठाऊक नाही. माझ्यापुरतं, मी पडल्यावर जिथं एका तरी माणसाला हसू येत नाही, ते घर.

आबा अजून हसतच होते. मी आधी घड उचलला, मग त्यांना.