मी सांगितलेली अंगाई

लातूर नुकताच जिल्हा झाला होता. पाट्यांवरचा रंग ताजा आणि नळ कोरडे. मी कॉलेजात इंग्रजी शिकवायचो, म्हणून युरोपातून आलेल्या एका संगीतकाराचा दुभाष्या म्हणून मला जुंपलं. गडी मोठा होता. वीस वर्षं सिनेमांना संगीत देऊन त्याला वीट आला होता. आता वाद्यं सोडून, खांद्याला टेपरेकॉर्डर अडकवून देशोदेशीचे आवाज गोळा करत फिरायचा. मला त्याचं लई कौतुक.

उदगीरच्या वाटेवरच्या एका गावात तो आडापाशी थांबला. पोहरा तळाच्या दगडावर आपटत होता, तो आवाज त्याला हवा होता. बायांचं बोलणंही हवं होतं, पण मशीन बघून त्या गप्पच झाल्या. मी थाप मारली की हे कलेक्टर ऑफिसात ऐकतात, काय ते मागून घ्या. जिभेला काही हाड असतं का?

एक म्हातारी पुढे आली. आमच्याकडे बाया मनातलं दुःख जात्यावरच्या ओवीत घालतात. नुसतं बोललेलं कोण ध्यानात ठेवतं? तिने माइकला हात जोडले आणि अख्खा अर्ज ओवीत गायला. घरं किती, लेकरं किती, म्हैस कधी मेली, सगळं. शेवटी विचारलं, टँकर कधी धाडता, साहेबा?

संगीतकाराच्या डोळ्यांत पाणी आलं. त्याने मला अर्थ विचारला. परक्यापुढे आपल्या नव्या जिल्ह्याची शोभा कशाला, झाकली मूठ सव्वा लाखाची, असं म्हणत मी तोंड वर करून सांगितलं, अंगाई आहे. नातवाला निजवतेय.

निघताना म्हातारी म्हणाली, "पोचंल का रे मास्तर?"

"पोचंल, मावशी."

कलेक्टर ऑफिस माझ्या घरापासून दहा मिनिटांवर होतं. मी एक साधा अर्जसुद्धा नेऊन दिला नाही. का, ते आजही सांगता येत नाही. आळस, दुसरं काय!

तीन वर्षांनी त्याची कॅसेट आली. त्याच्या नव्या सिनेमाचं संगीत होतं. सोबत चिठ्ठी होती: या अंगाईने मला पुन्हा संगीताकडे आणलं, इकडे आया ती पाळण्यापाशी लावतात. मी फुशारकीने बायकोला ऐकायला बसवलं. व्हायोलिनं वाजत होती, आणि त्यात म्हातारी टँकर मागत होती. 

बायको खेड्यातली. तिला शब्द न शब्द कळला. तिने विचारलं, "मग आला का टँकर?"

मी तोंड उघडायच्या आत टेपमधून माझाच आवाज आला. संगीतकाराला तोही अंगाईतलाच वाटला असणार. त्याने तो कापला नव्हता.

"पोचंल, मावशी."