आमच्या मोहल्ल्यातून गेलेली रेघ

ज्या नोटिशीनं आमच्या मोहल्ल्याचे दोन तुकडे झाले, ती मी सगळ्यांच्या आधी वाचली होती, आणि कोणाला काही बोललो नव्हतो.

तेव्हा मी पोस्टमन होतो. मध्य प्रदेशातलं, सौंसरजवळचं आमचं छोटंसं शहर, एका माणसाच्या सायकलीत मावणारं. नगर परिषदेत रजिस्टर टपाल द्यायला गेलो, तर बाहेरच्या बोर्डावर हिंदीत टाईप केलेला कागद लागलेला. वार्ड परिसीमन. कुठला वार्ड कुठून कुठपर्यंत, त्याच्या सीमा लिहिलेल्या, आणि खाली एक ओळ, की ज्याला हरकत असेल त्यानं सात दिवसांत लेखी द्यावी. मी सवयीनं सगळं वाचलं. आमची गल्ली अर्धी सातमध्ये आणि अर्धी आठमध्ये गेली होती.

संध्याकाळी शेजारच्या दादांनी विचारलं. दादा सुतार होते, माझ्यापेक्षा दहा-बारा वर्षांनी मोठे. अंगणात बसून दरवाज्याच्या चौकटी करायचे. कोणीतरी त्यांना कागद लागल्याचं सांगितलं होतं. मी म्हणालो, "काही नाही दादा, फक्त नंबर बदलून राहिला."

पूर्ण खोटं नव्हतं ते. पंचायत होती तेव्हा आमचा मोहल्ला एक नंबरात होता. नगर झालं तेव्हा चार झाला, पुढच्या वेळी सात. दर वेळी नगर परिषदेचा माणूस रंगाचा डबा घेऊन यायचा आणि दारावरच्या जुन्या आकड्यावर नवा आकडा काढायचा. नागपूरच्या, अमरावतीच्या सोयऱ्यांची पत्रं मात्र कित्येक वर्षं चार नंबरच्या पत्त्यावरच यायची, आणि मी ती बिनचूक पोचवायचो. त्यामुळे नंबरानं काय होतं, असं मला वाटलं. खरं सांगायचं तर त्याहून मोठं कारण माझी नोकरी हे होतं. सरकारी माणसानं वार्ड-बिर्डाच्या भानगडीत पडू नये, हे वडिलांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. विहाराच्या मागे राहणाऱ्या शेतमजुराच्या घरात पहिली पक्की नोकरी आली होती. ती मी तळहातावर दिवा धरावा तशी सांभाळत होतो.

नंबरानं काय होतं ते नंतर कळलं. गल्लीत सिमेंटची नाली बांधायला घेतली. वरच्या टोकाकडून सुरू झाली, दादांच्या भिंतीपर्यंत आली आणि थांबली. वार्ड तिथं संपत होता. सातचा पार्षद, म्हणजे तिथला नगरसेवक, म्हणाला, पुढचं माझ्याकडे नाही. आठचा म्हणाला, पाणी तर तुमच्याकडून येते, तुम्हीच पाहा. सगळ्या गल्लीचं सांडपाणी दादांच्या दारात येऊन उभं राहू लागलं. दादांनी त्याच्यावर फळ्या टाकून वाट केली. मतदानाच्या दिवशी भिंतीला भिंत लागलेली दोन घरं दोन दिशांना जायची. आम्ही डावीकडे शाळेत, दादा-वहिनी उजवीकडे, पार रेल्वे फाटकाच्या पलीकडे. आमच्या मोहल्ल्यातून उभा राहिलेला एकही माणूस कधी निवडून आला नाही. अर्धी मतं त्याच्या वार्डातच नसायची.

दादांनी मला कधी दोष दिला नाही. फळीवरून तोल सावरत येताना एखाद्या वेळी हसून म्हणायचे, "नंबरच बदलला ना रे बापा?" मी हसायचो. माझ्या निवृत्तीच्या आदल्या वर्षी ते गेले. त्यांना न्यायला आलेली माणसं त्याच फळ्यांवरून एक-एक करून आत आली.

मी निवृत्त झालो. पांढुर्णा जिल्हा झाला, छिंदवाड्याला घाट चढून जायचं ते बंद झालं. आणि एक दिवस पुन्हा बोर्डावर कागद लागला.

मला ते वहिनींनी सांगितलं. वहिनी संत्रा मंडीत छाटणीला जायच्या. संत्रं हातात आलं की न पाहता त्याचा आकार ओळखायचा आणि योग्य ढिगात टाकायचं, हे काम त्यांनी आयुष्यभर केलं. वाचता येत नव्हतं, सही मात्र यायची. मंडीतून परस्पर आमच्या अंगणात आल्या आणि उभ्यानंच म्हणाल्या, "भाऊजी, कागद लागला म्हणते. वाचून सांगा. पण या टायमाले पूर्ण सांगा."

तो 'पूर्ण' माझ्या जिव्हारी लागला. मी चप्पल घातली आणि निघालो.

या वेळी वही नेली आणि सीमा शब्दाला शब्द उतरवून घेतली. बस रोडपासून नाल्यापर्यंत, तिथून नाल्याच्या कडेकडेनं शाळेच्या भिंतीपर्यंत. रेघ जुनीच होती. लिहिता लिहिता माझा हात थांबला. नाल्याच्या कडेनं शाळेपर्यंत जाताच येत नाही. आमचा नाला शाळेकडे जातच नाही, तो मागच्या संत्र्यांच्या बगीच्याकडून वाहतो.

मग आठवलं. मी नोकरीला लागलो तेव्हा नाला खरंच मोहल्ल्याच्या मधून जायचा. पावसाळ्यात सायकल खांद्यावर घेऊन मी तो ओलांडत असे. पुढे रस्त्याचं काम निघालं, तेव्हा तो वरूनच वळवला. जुनं पात्र मुरमानं भरलं आणि त्याच्यावर घरं झाली. दादांचंही त्यातलंच. नगर परिषदेतल्या नकाशाला मात्र कोणी हात लावला नव्हता. इतकी वर्षं आमची गल्ली जो नाला कापत होता, तो जमिनीवर नव्हताच. आणि हे शहरात ज्याला सगळ्यात आधी कळायला पाहिजे होतं, तो मी होतो.

तीन पानांची हरकत मी हिंदीत लिहून काढली. अक्षर माझं चांगलं आहे, आणि कित्येकांचे मनीऑर्डरचे फॉर्म भरून सरकारी हिंदीही बसलेली. वहिनी ती घेऊन दारोदार फिरल्या. काही जण म्हणाले, याने काही होत नाही. वहिनी म्हणायच्या, नाही होत त नाही होत, सही त कर. दोन दिवसांत गल्लीतल्या प्रत्येक घराची सही किंवा अंगठा त्या पानांवर आला. हरकत दिली तेव्हा बाबू म्हणाले, ठेवून जा. मी शिक्क्याची पोच मिळेपर्यंत खिडकीवरून हललो नाही. पोच घेतल्याशिवाय कागद सोडायचा नाही, एवढं तर पोस्टानं शिकवलंच होतं.

सुनावणी पांढुर्ण्याला होती. आम्ही नऊ जण बसनं निघालो. वहिनी माझ्या शेजारी बसल्या होत्या. बाहेर कापूस फुटलेला, मधूनच बगीच्यांचे हिरवे पट्टे. शेवटी मी वहिनींना सांगून टाकलं. तेव्हाची नोटीस मी वाचली होती, सात दिवस होते, आणि मी दादांना नुसता नंबर बदलतो म्हणून सांगितलं.

वहिनी खिडकीबाहेर पाहतच म्हणाल्या, "मले माहीत आहे. त्याईनंच सांगतलं होतं. म्हणत, त्याले सारं समजते, पण त्याले नोकरीचं भेव आहे." मग माझ्याकडे वळल्या. "आता त नाही ना नोकरी?"

मी नाही म्हणालो.

अधिकारी एक मॅडम होत्या, माझ्या मुलीच्या वयाच्या, कुठल्या तरी दूरच्या जिल्ह्यातून आलेल्या. हिंदीतच बोलत होत्या. आमचा नंबर आला तेव्हा नगर परिषदेच्या बाबूंनी नकाशा पसरला आणि त्याच्यावर पेन्सिल फिरवली. नाला ही नैसर्गिक सीमा आहे, नकाशात आहे, म्हणून ती धरली आहे, असं ते म्हणाले. मॅडमनी मला विचारलं, मग तुमचं म्हणणं नाला नाही?

मी सांगितलं की नाला आहे, पण तिथं नाही. त्या म्हणाल्या, कशावरून?

माझ्याकडे त्याचं उत्तर एकच होतं. मी डोळे मिटले आणि बोलत बोलत माझं टपालवाटप सुरू केलं. बस स्टँडवरून डावीकडे, पहिलं घर शिंपीकाम करणाऱ्या बाईचं, दुसरं कुलूपबंद, मालक नागपूरला, तिसऱ्या घरी पेन्शनचं टपाल यायचं. घरामागून घर मी मोहल्ल्यात शिरलो. विहार आला, पाण्याची टाकी आली. पेन्सिलीनं दाखवलेला नाला मी तीन वेळा ओलांडला, आणि तिन्ही वेळा तिथं कोणाचं तरी अंगण, न्हाणी नाही तर गोठा होता. डोळे उघडले तेव्हा मॅडमनी पेन खाली ठेवलं होतं आणि नकाशा स्वतःकडे ओढून घेतला होता.

बाबू सावकाश म्हणाले, हे सगळं ठीक आहे, पण नाला वळवल्याचा कागद आहे का?

कागद नव्हता. मी तो शोधला होता आणि कुठंच मिळाला नव्हता. आपण हरलो, असं क्षणभर वाटलं.

तेवढ्यात मागून वहिनी पुढे आल्या. त्यांनी पदर खोचला होता, जसा मंडीत खोचतात. आपल्या हिंदीत म्हणाल्या, "मॅडमजी, कागद नहीं है. मेरा घर है. जो नाला ये साहब दिखा रहे, उसके ऊपर मेरा चूल्हा है. आके देख लो."

मॅडमनी तारखांची वही उघडून पाहिली आणि त्या म्हणाल्या, "आऊंगी."

आणि त्या खरंच आल्या. सकाळची वेळ होती. हातात तोच नकाशा, सोबत बाबू आणि टेप धरणारा एक कर्मचारी. मी पुढे, त्या मागे, सारी गल्ली त्यांच्या मागे. शाळेच्या भिंतीपासून मोजत मोजत आम्ही आलो ते थेट वहिनींच्या स्वयंपाकघरात. टेप गॅसच्या ओट्याशी येऊन टेकला. बाबूंनी नकाशा उलटा धरून पाहिला, सरळ धरून पाहिला. वहिनी त्यांच्याशी अगदी आदरानं बोलल्या. "बसा साहेब, नाल्यात चहा घेऊन घ्या."

मॅडमना कोणीतरी अर्थ सांगितला आणि त्या हसल्या. चहा सगळ्यांनी घेतला. बाबूंनीही घेतला.

मग मी त्यांना बगीच्याकडे खरा नाला दाखवायला नेलं. काठावर उभं राहून त्यांनी फोटो काढले, नकाशावर लाल पेनानं नवी ओळ ओढली आणि बाबूंची सही घेतली. परत येताना त्या दादांच्या भिंतीजवळ थांबल्या, जिथं नाली संपते. ही इथंच कशी थांबली, असं त्यांनी विचारलं. मी म्हणालो, मॅडम, इथं वार्ड संपतो. मग एका फळीवर उभं राहून त्यांनी साचलेल्या पाण्याचाही एक फोटो काढला.

नंतरचे दिवस लांब गेले. मी रोज बोर्ड पाहून यायचो. बायको म्हणायची, रिटायर झाल्यावरही टपालाची बीट सुटली नाही तुमची. पाहायला गेलो नाही असा एकच दिवस झाला, तो बाजाराचा, आणि नेमका त्याच दिवशी कागद लागला. बाजारातून पिशवी हातात घेऊन येत होतो, तर आमच्या गल्लीतल्या दोघी धावत आल्या. म्हणाल्या, काकाजी, चला, ती सरकारी हिंदी कोणाले समजून नाही राहिली.

बोर्डासमोर निम्मा मोहल्ला जमला होता. मी चष्मा लावला आणि मोठ्यानं वाचायला लागलो. या वेळी एकही ओळ सोडली नाही. आधी एक नंबरचा वार्ड वाचला, दोनचा वाचला, लोक थांबून राहिले. सात आला. बस रोडपासून रेल्वे फाटकापर्यंत, तिथून बगीच्यामागच्या नाल्याच्या मध्यातून, मग नाला सोडून शाळेच्या मागपर्यंत. ती ओळ सगळ्या मोहल्ल्याला बाहेरून वेढा घालून आली होती. गल्ली पूर्ण आत. विहार आत, टाकी आत, वहिनींचा ओटा आत.

कोणीतरी विचारलं, म्हणजे आपण सारे एकाच वार्डात? मी म्हणालो, सारे. एकही घर बाहेर नाही.

मग मागून टाळी वाजली, मग दुसरी, आणि तो बोर्डासमोरचा रस्ता टाळ्यांनी भरून गेला. ज्यांनी सही देताना याने काही होत नाही म्हटलं होतं, तेच पेढे आणायला पळाले. मला दोघा-तिघांनी मिठी मारली. मी सारं आयुष्य लोकांची पत्रं त्यांच्या हातात ठेवली होती. त्यांत आनंदाचीही असायची, पण तो आनंद त्यांचा, मी सायकलवर टांग टाकून पुढे जायचो. त्या दिवशी पहिल्यांदा बातमी माझीही होती.

वहिनी मात्र बोर्डाला अगदी खेटून उभ्या होत्या. सातच्या ओळीवर बोट ठेवून म्हणाल्या, "अजून एकदा वाचा." मी वाचली. त्यांनी बोट उचललं नाही.

"भाऊजी," त्या म्हणाल्या, "आता इलेक्शन होईन त आपल्या वार्डातून मी उभी राहून राहिली. फॉर्म तुम्हीच भरून द्या. अक्षर चांगलं आहे तुमचं."