लोकांत अनोळखी

वकिलीणबाईंनी मी त्यांच्या मुलाला लिहिलेली चिठ्ठी अंगणात मोठ्यानं वाचली. शुद्धलेखनाच्या चुकांसकट. ओसरीवरच्या बायका हसल्या. मी फुलांची टोपली धरून उभी. वय चौदा.

राजापेठेपलीकडे आमचा फुलांचा मळा. वकिलांकडे पूजेची फुलं मीच पोचवायची. त्यांचा मुलगा मॅट्रिकला. पहिली चिठ्ठी त्यानंच दिली होती, विहिरीपाशी गाठून. "कोणाला सांगू नकोस," म्हणायचा. रस्त्यात दिसला की मान फिरवायचा. मला वाटायचं, प्रेम असंच असतं.

त्या दिवशी त्याच्या आईनं त्याला विचारलं, "ही कोण रे तुझी?"

"माळ्याची पोर. मागं लागते उगीच."

माझ्याकडे पाहिलंही नाही.

घरी मायनं मारलं. "काहून गेली त्याच्या नादी?" मग मला पोटाशी धरून तीच रडली. बाबांनी माझी शाळा बंद केली. त्याची चालूच राहिली.

आठवड्यानं तो मळ्यात आला. "घरच्यांसमोर तसं म्हणावंच लागतं. तू येत जा. फक्त कळू देऊ नकोस."

जीव तुटत होता. तो अजून आवडत होता. तरी म्हटलं, "लोकांत जो मले ओळखत नाही, त्याची ओळख मले एकट्यात नको."

तो गेला. मी वाफ्यात बसून रडले. पुढं कितीतरी दिवस त्याची वाट पाहिली. खोटं कशाला सांगू?

पुढं मामानं अकोल्याला नेलं. शिकले. मुलींच्या शाळेत मास्तरीण झाले. शनिवारी शाळा सुटली की मोठ्या मुलींना बसवते. सांगते, कोणी आवडणं पाप नाही. पण जो भीती घालतो, तुमचं 'नाही' ऐकत नाही, त्याला प्रेम म्हणू नका. अन् दुसऱ्याचं 'नाही' तुम्हीही ऐका.

एकीनं विचारलं, "बाई, मंग ज्यानं दुखवलं त्याले इसरता येते काय?"

"मले नाही आलं," मी म्हटलं.

परवा शाळेच्या कमिटीतले एक गृहस्थ आले. "चांगल्या घरच्या मुलींना हे कशाला? बंद करा. नाहीतर दुसरी नोकरी बघा."

"नोकरी घ्या," मी म्हटलं. "मी मारुतीच्या पारावर बसवीन त्यांना. गावादेखत."

ह्या शनिवारी शाळा सुटली. सतरा पोरी थांबल्या. मी फळा पुसला अन् बोलायला लागले. दार उघडंच ठेवलं होतं.