कासवबाई आणि पुरणारा माणूस

कासवबाई समोरच्याला आधी वय विचारायच्या. नाव नंतर, आणि चहा त्याच्याही नंतर, तोही उत्तर पसंत पडलं तर. वारज्यातल्या त्यांच्या तळमजल्यावरच्या फ्लॅटची बेल मी पहिल्यांदा वाजवली तेव्हा माझ्या हातात बुटांचं खोकं होतं आणि खोक्यात कासव. बाईंनी खोक्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

"वय किती तुमचं?"

"एकतीस."

"सिगरेट?"

"नाही."

"मग पुराल तुम्ही. या आत."

हे पुरणं म्हणजे काय ते मला तेव्हा कळलं नाही. कासव घेतलं तेव्हा हिंजवडीत नवीन नोकरी लागलेली, पगार हातात खुळखुळत होता, आणि आमच्या टीममध्ये प्रत्येकाच्या टेबलावर काचेच्या भांड्यात एकेक कासव ठेवायची टूम निघाली होती. दुकानदाराने 'सिंगापुरी आहे, लकी असतं' असं सांगून गळ्यात मारलं. तेव्हा ते रुपयाच्या नाण्याएवढं होतं. दोन वर्षांत ताटलीएवढं झालं, पाण्याला वास यायला लागला आणि बायकोने निर्वाणीची भाषा सुरू केली. म्हणून मी आलो होतो.

"सिंगापुरी म्हणे!" बाई म्हणाल्या. "डोळ्यामागे लाल पट्टा आहे ना? अमेरिकेतलं आहे हे, मिसिसिपीच्या खोऱ्यातलं. चार इंचांहून लहान पिल्लं तिथे विकायला बंदी आहे. त्यांच्या मुलांना आजार होतात म्हणून. मग ती इकडच्या मुलांना पाठवतात."

बाईंनी तीस वर्षं एका कॉलेजच्या प्राणिशास्त्राच्या प्रयोगशाळेत प्रात्यक्षिकं घेतली होती. "पोरांना बेडूक फाडायला शिकवण्यात आयुष्य गेलं. हा त्याचा दंड समजा," असं त्या मागच्या अंगणाकडे हात करून म्हणायच्या. अंगणात अर्ध्या कापलेल्या पाण्याच्या टाक्या, एक जुना बाथटब आणि त्यांत चाळीसेक कासवं. प्रत्येकाला नाव होतं, आणि ते आणून देणाऱ्याचं आडनाव होतं. माणसं विसरतात म्हणून, असं त्यांचं म्हणणं. हे कुलकर्णी, त्या देशमुखबाई, ते दोघे पाटील. माझं कासव अर्थातच साठे झालं. पुढे रविवारी मी टाक्या घासायला जायला लागलो, तेव्हा बाई गंभीर चेहऱ्याने सांगायच्या, "साठे हल्ली बरे खातात. तुम्ही मात्र वाळलात."

एका शब्दावरून मात्र त्यांचा तोल जायचा. एकदा एक गृहस्थ दारात उभे राहून म्हणाले, "आमच्याकडे दोन होती, पण आम्ही ती नदीत सोडली. म्हटलं, मुक्या जिवाला मोकळं करावं." बाई शांतपणे म्हणाल्या, "सोडली नाहीत. टाकली." गृहस्थ हसले. बाई हसल्या नाहीत. "मुठेत आपलं मऊ पाठीचं कासव आहे. इतकी घाण पिऊन अजून जगलंय बिचारं. त्याची उन्हाची जागा तुमचं हे दांडगं घेणार, त्याचं खाणं खाणार, वर आपला आजार देणार. तुम्ही कुणाला मोकळं केलंत?" गृहस्थ चहा न घेता गेले. तो त्यांना मिळणारही नव्हता.

हे बोलणं नुसतं दुसऱ्यांसाठी नव्हतं. वसंतात कुलकर्णी देशमुखबाईंच्या तोंडापुढे आपली लांब नखं थरथरवत तरंगायला लागला की बाई मला बोलावून दाखवायच्या. "प्रेम आहे ते. बघून घ्या." पण नंतर मादीने मातीत अंडी घातली की त्याच बाई खाली बसून एकेक अंडं वेचायच्या आणि डब्यात घालून फ्रीझरमध्ये ठेवायच्या, मटारच्या शेजारी. दोन दिवसांनी ती कढीपत्त्याखाली पुरायच्या. मला हे भयंकर वाटायचं, आणि मी तसं एकदा म्हणालोही. "मलाही वाटतं," त्या म्हणाल्या. "वाटलं म्हणून थांबता येत नाही."

बाई तेव्हा सत्तरीच्या उंबरठ्यावर होत्या. कासव तीस-तीस वर्षं काढतं. वय विचारण्याचा अर्थ एव्हाना माझ्या डोक्यात शिरला होता. एक दिवस मी टाकी घासता घासता म्हणून गेलो, "तुमच्यानंतर मी आहे ना, बाई." त्यांनी आत जाऊन पोहे केले. इतकी वर्षं नुसता चहा मिळत होता.

पुढच्याच वर्षी कंपनीने मला अमेरिकेला पाठवलं. सहा महिने म्हणून गेलो, नि सहा वर्षं झाली. योगायोग असा की गाव त्या कासवांच्याच मुलखातलं होतं. "नदीकाठी ओंडक्यावर बसलेली दिसतील. बघा आणि मला फोन करा," असं बाईंनी निघताना बजावलं होतं. मला ते बघायला दीड वर्ष लागलं. एका ओंडक्यावर अकरा होती, माना ताणून, मागचे पाय पसरून, एकमेकांच्या पाठीवर चढून. मी तिथूनच फोन लावला.

"एकमेकांच्या पाठीवर?" बाईंनी विचारलं. "जागा असताना?"

"ओंडका अर्धा रिकामा होता, बाई."

मग त्या म्हणाल्या, "मला वाटायचं, मी कोंडून ठेवलंय म्हणून चढतात." बाईंचा आवाज कातर झालेला मी तेवढा एकदाच ऐकला.

शेवटचा फोन त्यांनीच केला. पोटात गाठ निघाली होती. "तुम्ही येताय का, साठे?" मी म्हणालो, प्रोजेक्ट संपला की लगेच. बाई प्रोजेक्ट हा शब्द ओळखून होत्या. त्या म्हणाल्या, "मग नीट ऐका. कुणी सांभाळणारं मिळालं नाही, तर जनावरांच्या डॉक्टरांना बोलवायचं आणि सगळ्यांना झोपवायचं. इंजेक्शनने. मी बोलून ठेवलंय त्यांच्याशी. पण नदीत टाकायची नाहीत. भाच्याला हे माझ्याच्याने सांगवत नाही, हळवा आहे तो. तुम्ही सांगा."

मी हो म्हणालो. भाचा हडपसरला राहायचा, त्याचा नंबर माझ्याकडे होता. रोज ठरवायचो, आज सांगू. पण मरणाच्या दारात असलेल्या बाईच्या भाच्याला फोन करून 'चाळीस जीव मारून टाका' हे कसं सांगायचं? त्यात एक साठेही होता. मी वाक्य जुळवत राहिलो. आठवडे गेले. लाज वाटते सांगायला, पण त्या काळात मी ऑफिसची एकही मीटिंग चुकवली नाही.

फोन शेवटी भाच्याचाच आला. आत्या गेली, म्हणाला, आणि रडला. मग सावरून म्हणाला, "सर, कासवांची काळजी करू नका. कालच टेम्पो केला आणि सगळी मुठेत सोडली. पूजा करून सोडली. आत्याला किती बरं वाटलं असतं!"

मला त्याचा शब्द दुरुस्त करता आला नाही. त्याची काय चूक होती? त्याला कुणी सांगितलंच नव्हतं.

आता मी कायमचा परत आलोय. बाईंच्या फ्लॅटमध्ये दुसरं बिऱ्हाड आहे, अंगणात फरशी घातली आहे. सकाळी फिरायला मी नदीच्या पुलापर्यंत जातो. खाली सांडपाण्याच्या जाड पाइपावर ऊन आलं की ती वर येतात. पाइप लांबलचक आहे, तरी एकमेकांच्या पाठीवर चढून बसतात. यंदा त्यांत अगदी छोटी, रुपयाएवढीही दिसली. मऊ पाठीचं एकही दिसलं नाही. मी पुलाच्या दोन्ही बाजूंनी पाहिलं.

परवा एक तरुण लेकीला कडेवर घेऊन तिथे उभा होता. गळ्यात कंपनीचं ओळखपत्र. मुलगी बोट दाखवून ओरडत होती. तो मला म्हणाला, "काका, किती क्यूट ना? कुणीतरी सोडलेली दिसतायत."

"सोडलेली नाहीत," मी म्हणालो. "टाकलेली आहेत."

"अरेरे! कुणी?"

मी त्याला माझं आडनाव सांगितलं.