पाठीची हौस

आमच्या शेजारच्या पैलवानाच्या पाठीला उभ्या जन्मात माती लागली नव्हती. बाजेवरसुद्धा तो कुशीवरच झोपायचा. "पाठ टेकली की हरल्यागत वाटतंय, वैनी," म्हणायचा. पाठ खाजली की आमच्या चौकटीला म्हशीसारखी घासायचा.

त्याची शेवटची कुस्ती मी, नवी नवरी, मैदानालगतच्या माडीवरून चोरून पाहिली. त्यानं पंजाबी मल्लाला चीत केलं, महाराजांच्या हातून मानाचा फेटा घेतला आणि फेट्यासकट मातीत उताणा पडला. मी अशी शहाणी, की तो मेला समजून मोठ्यांदा गळाच काढला.

पडल्या पडल्याच तो ओरडला, "रडू नका की, वैनी! कुस्ती सोडली. आता निवांत पाठ खाजवून घेतोय!"

आख्खं मैदान मान वर करून माझ्याकडं बघायला लागलं. त्यात पुढच्याच रांगेत आमचे मामंजी होते.